ओट्यावरची हजेरी

तावडे भाऊजींच्या घरून एखादी वस्तू मागून आणायची म्हणजे आधी वहीत सही करावी लागे. शिडी असो, पाटा-वरवंटा असो, नाही तर पाहुणे आले म्हणून जास्तीची दोन ताटं असोत. दाराच्या आतल्या बाजूला खिळ्याला सुतळीनं वही टांगलेली आणि त्याच सुतळीच्या दुसऱ्या टोकाला पेन्सिल. तारीख, वस्तू, नग किती, नेणाराची सही. वस्तू परत आली की भाऊजी पुढे 'जमा' असं लिहून आपली सही करत. चाळीतल्या बायका या वहीला हसायच्या. मीही हसले होते, पण एकदाच. त्याचं कारण आधी सांगते, म्हणजे माणूस कळेल.

आमची दहा खोल्यांची चाळ भोसरीत, दिघीकडे जाणाऱ्या रस्त्याला. मी लग्न होऊन आले तेव्हा भोसरी म्हणजे खेडंच. मग माळावर कंपन्या उभ्या राहिल्या, भोंगे वाजायला लागले आणि गावात सांगलीचे, बीडचे, कोकणातले असे कुठकुठले लोक राहायला आले. आमचे हे कंपनीत लागले. चाळीच्या टोकाच्या खोलीत आमची पिठाची गिरणी होती, ती मी बघायची. शेजारच्या खोलीत तावडे भाऊजी आणि त्यांच्या कमलवहिनी. मूळचे संगमेश्वराकडचे. एक मुलगी होती, ती लग्न करून तिकडेच दिलेली. भाऊजी एका सरकारी खात्याच्या भांडारात स्टोअरकीपर होते. भांडार नाशिक रस्त्याला, मोशीच्या पुढे. खात्याचं नाव मी लिहीत नाही. तिथल्या साहेबांची नातवंडं आज आमच्याच गिरणीत दळण आणतात, उगाच कशाला.

तर मी पहिल्यांदा त्यांच्याकडे हातोडी मागायला गेले. भाऊजींनी वहीत लिहिलं आणि वही माझ्यापुढे धरली. माझं शिक्षण दुसरीपर्यंत. नाव तेवढं काढता यायचं, ते काढलं. तीन दिवसांनी हातोडी परत द्यायला गेले तर म्हणतात कसे, "हातोडी मिळाली, वहिनी. म्हैस कधी आणता?"

"कसली म्हैस?"

त्यांनी वही उघडून बोट ठेवून वाचलं, "हातोडी नग एक, म्हैस नग एक. खाली सही तुमचीच ना?"

आत कमलवहिनी तोंडाला पदर लावून हसत होत्या. माझे कान लाल झाले. भाऊजी मात्र हसत नव्हते. म्हणाले, "वाचल्याशिवाय सही केलीत. मी म्हैस लिहिली, दुसरा कोणी तुमची गिरणी लिहील." आणि हातोडीपुढे 'जमा' लिहिलं, म्हशीपुढची जागा मोकळी ठेवली. पुढे कित्येक वर्षं चाळीत कुणाच्या लग्नाकार्यात सगळे जमले की ते हळूच मला विचारायचे, "म्हैस दूध देते का?"

अंगानं काटक, उंची बेताची, अर्ध्या बाह्यांचा पांढरा शर्ट आणि खिशाला दोन पेनं, एक निळं, एक लाल. चहा पूर्ण निवल्याशिवाय पीत नसत. विचारलं तर म्हणायचे, "गरम चहा प्यालेला माणूस घाईनं बोलतो." भांडारातून चिठ्ठीशिवाय टाचणी बाहेर जात नसे म्हणून ठेकेदार त्यांच्या नावानं बोटं मोडायचे. त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं, "तोंडचं तोंडात राहतं, कागदावरचं जगात राहतं." आमच्या सासूबाई त्यावर म्हणायच्या, "व्हय रं बाबा, पण कागुद काय भूक भागवतोय?"

आणि बघा, असा हा माणूस सस्पेंड झाला तो चिठ्ठीशिवाय माल दिला म्हणून.

ते दुष्काळाचं वर्ष होतं, रेशनला लाल मिलो, ती अमेरिकेची ज्वारी, मिळायची ते. जिकडेतिकडे दुष्काळी कामं निघाली होती, बंडिंगची, पाझर तलावाची, रस्त्याची. एका दुपारी साहेब जीप घेऊन भांडारावर आले. म्हणाले, माळावर सहाशे माणसं बसून आहेत, घमेली-टिकाव नाहीत. हातात अवजार नाही म्हणून हजेरी लावता येत नाही, आणि हजेरी नाही तर आजची मजुरी नाही. दोनशे घमेली आणि ऐंशी टिकाव आत्ता द्या, चिठ्ठी उद्या पाठवतो.

भाऊजींनी दिलं. हे मी पुढे त्यांच्याच तोंडून ऐकलं. कमलवहिनींनी एकदा चिडून विचारलं होतं, "जन्मभर टाचणीला चिठ्ठी मागितलीत, त्याच दिवशी काय झालं होतं तुम्हाला?" त्यावर भाऊजी एवढंच म्हणाले, "सहाशे माणसांची हजेरी होती."

चिठ्ठी काही आली नाही. पंधरा दिवसांत साहेबांची बदली झाली, लांब तिकडे विदर्भात. पुढे भांडाराची तपासणी झाली तेव्हा माल कमी निघाला. साहेबांना पत्र गेलं. त्यांचं दोन शब्दांचं उत्तर आलं, 'स्मरत नाही.'

सस्पेंडचा कागद घेऊन शिपाई घरी आला तेव्हा मी ओट्यावरच होते. भाऊजींनी कागद पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचला, चष्मा पुसला, पुन्हा वाचला. मग पोचेवर लाल पेनानं लिहिलं, 'आदेश मिळाला. मान्य नाही.' आणि खाली सही केली.

शिपाई म्हणाला, "अहो तावडे, नुसती सही करायची असते."

"नुसती सही म्हणजे मान्य झालं," भाऊजी म्हणाले.

आता सस्पेंड म्हणजे काय, हे मला तेव्हा माहीत नव्हतं. मला वाटायचं, काढून टाकलं. तसं नसतं. माणूस नोकरीतच असतो, पण त्याला काम देत नाहीत. चौकशी संपेपर्यंत पोटापुरता अर्धा पगार देतात, त्याला निर्वाह भत्ता म्हणतात. पण त्याला दोन अटी. गाव सोडायचं तर परवानगी घ्यायची. आणि दर महिन्याला लिहून द्यायचं, की मी या महिन्यात दुसरी कुठलीही नोकरी किंवा धंदा केलेला नाही. हा दाखला गेला नाही तर भत्ताही नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी भाऊजी नेहमीसारखे आंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून बाहेर आले. बरोबर साडेदहा वाजता ओट्यावर लाकडी खुर्ची टाकून बसले. दीडला आत जेवायला गेले, दोनला परत आले. साडेपाचला उठले. खुर्ची आत नेली. तिसऱ्या दिवशी तेच, चौथ्या दिवशीही तेच.

आमच्या ह्यांनी विचारलं, "तावडे, हे काय चाललंय राव?"

"ऑफिसची वेळ आहे."

"ऑफिस कुठंय?"

"बोलावलं तर हजर पाहिजे ना? मी नोकरीत आहे, पांडुरंगराव. काम देत नाहीत हा त्यांचा प्रश्न. हजर राहणं माझं काम."

शेजारी एका आखलेल्या वहीत ते रोजची हजेरी मांडत. तारीख, आल्याची वेळ, गेल्याची वेळ, सही. रविवारी आणि सरकारी सुट्टीला लाल रेघ. चाळीतल्या पोरांना घड्याळाची गरज उरली नाही. "घमेलेवाले काका उठले" म्हणजे साडेपाच. हो, चाळीनं नाव ठेवलं होतं त्यांना, घमेलेवाले. त्यांना ते ठाऊक होतं. एकदा मला म्हणाले, "चुकीचं आहे. ऐंशी टिकावही होते."

खरी गंमत अशी, की त्या काळात भोसरीत हाताला काम नाही असा माणूस शोधून सापडला नसता. रोज नवी कंपनी, रोज गेटवर पाटी. आमच्या ह्यांच्याच कंपनीत स्टोअरला माणूस हवा होता. हे एक दिवस सेकंड शिफ्टला जाता जाता ओट्यापाशी थांबले.

"तावडे, उद्या माझ्याबरोबर चला. मॅनेजरशी बोललोय. तुमच्या आत्ताच्या पगाराच्या दुप्पट देतील. वर ओव्हरटाइम."

"मी नोकरीत आहे."

"अहो कसली नोकरी? ओट्यावर बसायची?"

"सध्या तीच दिलीय."

"द्या की राजीनामा तोंडावर फेकून!"

भाऊजींनी निवलेला चहा उचलला आणि सावकाश प्यायले. म्हणाले, "राजीनामा दिला तर घमेली मी खाल्ली असं होतं. आणि इकडे न सांगता तुमच्याकडे लागलो तर दाखल्यावर खोटं लिहावं लागतं. दोन्हीत माझीच सही खोटी पडते."

ह्यांनी कपाळावर हात मारला. मला म्हणाले, "हा माणूस उपाशी मरेल, पण सही करून मरेल."

भाऊजींचं सगळं म्हणणं एका वाक्याचं होतं आणि ते पुढे चार वर्षं तेच मांडत राहिले, मी नोकरीत आहे की नाही ते सांगा. नसेन तर सोडा, मी दुसरीकडे जातो. असेन तर माझा दिवस नोकरीचा धरा. घमेल्यांबद्दल ते भांडत नव्हते. चौकशीत पहिल्याच दिवशी विचारलं, आरोप मान्य आहे का? तर म्हणाले, "दिली हे मान्य. चिठ्ठी घेतली नाही, हेही मान्य. विकून खाल्ली, हे अमान्य."

त्यांच्या मुलीला पहिला मुलगा झाला. बारशाला जायचं म्हणून भाऊजींनी गाव सोडायच्या परवानगीचा अर्ज महिनाभर आधी दिला होता. उत्तर नाही. आठवण म्हणून दुसरा अर्ज दिला. त्याचंही उत्तर नाही. कमलवहिनी म्हणाल्या, "कोण बघतंय? दोन दिवसांनी परत येऊ." वहिनी एकट्या गेल्या एस.टी.नं, डिंकाचे लाडू घेऊन. बारशाच्या दिवशी मी गिरणीतून पाहिलं, तर भाऊजी खुर्चीवर. मी जवळ जाऊन म्हटलं, "भाऊजी, आज तरी आत बसा." त्यांनी वही माझ्याकडे फिरवली. त्या दिवसापुढे लिहिलं होतं, 'रजा मागितली. मंजुरी नाही. हजर.'

आता माझी चूक सांगते. ही गोष्ट लिहायला बसले ती खरं म्हणजे तिच्यासाठीच.

गिरणीचा पट्टा चढवताना माझा उजवा हात मनगटात मोडला. प्लास्टर घातलं. आमचे हे फर्स्ट शिफ्टवरून आले की संध्याकाळी गिरणी चालवायचे, पण पाच वाजल्यापासून बायकांची ही गर्दी. लाल मिलो दळायला वेळ लागायचा आणि पिठाचा डबा आपला आधी लागावा म्हणून रोज भांडणं. एकीनं दुसरीचा डबा लाथेनं मागे सारला, दुसरीनं तिची आई काढली. तिसऱ्या दिवशी साडेपाचला खुर्ची आत ठेवून भाऊजी सरळ गिरणीत आले. खिशातून कागदाच्या चिठ्ठ्या काढल्या, त्यांवर एक, दोन, तीन असे आकडे. ज्या डब्यावर जी चिठ्ठी, त्याचा तो नंबर. दोन दिवसांत भांडणं बंद झाली. आठ दिवस ते साडेपाच ते सात असे येऊन बसले. ऑफिसच्या वेळात एकदाही आले नाहीत, हे मुद्दाम सांगते.

त्या आठ दिवसांत कमलवहिनींनी दोनदा दळण आणलं. मी त्यांच्याकडून पैसे घेतले नाहीत. कसे घेणार? घेतले असते तर सासूबाईंनी मला घरात घेतलं नसतं. भाऊजींना कळलं तेव्हा पैसे घेऊन आले. मी म्हटलं, "भाऊजी, हात मोडलाय माझा, लाज नाही मोडलेली. ठेवा ते खिशात." पैसे खिशात ठेवून ते निघून गेले. मला वाटलं, विषय संपला.

महिनाअखेर आली. भाऊजींनी दाखला लिहिला. कुठलीही नोकरी-धंदा केला नाही, हे नेहमीचं वाक्य. पण त्याच्याखाली आणखी लिहिलं, की आठ दिवस सायंकाळी साडेपाच ते सात शेजारच्या पिठाच्या गिरणीत रांगेच्या चिठ्ठ्या दिल्या, रोख काही घेतलं नाही, दोन दळणं फुकट दळून मिळाली.

पंधरा दिवसांत पत्र आलं. आपण निलंबनाच्या काळात अन्यत्र काम स्वीकारल्याचं आपल्याच कबुलीवरून दिसतं, सबब निर्वाह भत्ता बंद करण्यात येत आहे. आणि या गोष्टीचीही चौकशी होईल.

त्या दिवशी पहिल्यांदा मी कमलवहिनींचा आवाज चढलेला ऐकला. भिंत ती काय, एकेरी विटेची, सगळं ऐकू यायचं. "खरं बोला हो, कोण नाही म्हणतंय! पण विचारतील तेवढंच खरं बोला की! दळण लिहायचं असतं का कुणी?"

भाऊजींचा आवाज हळू. "मिळालं होतं."

"पीठ मिळालं होतं! पगार नाही!"

"तेच लिहिलंय."

मी भिंतीला टेकून ऐकत होते. वाटलं, त्या दिवशी पैसे घेतले असते तर काय बिघडलं असतं? माझ्या चांगुलपणानं त्यांच्या घरचा तवा थंड केला. दुसऱ्या दिवशी मी पिठाचा डबा भरून नेला. कमलवहिनींनी दारातच थांबवलं. डोळे सुजलेले होते, पण हसल्या. म्हणाल्या, "नको गं बाई. हे पुन्हा लिहितील." त्यांनी त्या महिन्यापासून कंपनीतल्या चार पोरांचे जेवणाचे डबे धरले. भाऊजींनी तेही कळवलं, 'पत्नी स्वतंत्रपणे डबे करते, मी त्याला हात लावत नाही.' आणि खरंच लावला नाही. वहिनी ओझं उचलून चालल्या तरी भाऊजी खुर्चीत. तेव्हा मला त्यांचा राग आला होता. अजूनही त्या एका गोष्टीचा येतो.

भत्ता सुरू व्हावा म्हणून भाऊजींनी अर्ज लिहायला घेतले. एक खात्याला, एक वरच्या साहेबाला, एक त्याच्याही वरच्याला, आणि प्रत्येकाची नक्कल स्वतःजवळ. वहिनींनी सांगून टाकलं, "तुमच्या अर्जाला मी बोट लावणार नाही." म्हणून मी म्हटलं, नकला मी करते. हात आता बरा झाला होता.

"वहिनी, तुम्हाला लिहिता येतं?"

"म्हैस लिहायला शिकले की!"

दुपारी गिरणी बंद असायची तेव्हा मी त्यांच्या ओट्याच्या पायरीवर बसून नकला उतरवायची. आधी चित्र काढल्यासारखं अक्षराला अक्षर. मग एक दिवस लक्षात आलं, की मी वाचतेय. 'अर्जदार नम्रपणे निवेदन करतो की', 'सदर पीठ हा मोबदला नसून', 'तरी मेहेरबानांनी विचार व्हावा'. मोबदला म्हणजे काय, मी विचारलं. भाऊजी म्हणाले, "कामाबद्दल दिलेली किंमत." ते 'सदर पीठ हा मोबदला नसून' मी किती वेळा लिहिलं असेल त्याला मोजमाप नाही. आज हे लिहितेय ते अक्षर त्या पायरीवरचं आहे.

पाच महिन्यांनी मला साक्षीला बोलावलं. पुण्याला, ऑफिसात. मी नऊवारी नेसून, नथ घालून गेले, जणू काही कुणाच्या लग्नाला निघाले. चौकशीचे साहेब वयस्कर होते, मधून मधून पान खायचे. शेजारी एक कारकून सगळं लिहून घेत होता. भाऊजी समोरच्या खुर्चीवर, पांढरा शर्ट, दोन पेनं.

साहेबांनी विचारलं, "हे तुमच्याकडे कामाला होते का?"

"नाही."

"मग गिरणीत काय करत होते?"

"बायकांची भांडणं मिटवत होते. साहेब, माझ्या गिरणीत मलाच पगार नाही, यांना कुठला देऊ?"

कारकून हसला. साहेबांनी पुढे विचारलं, "पण दळणाचे पैसे घेतले नाहीत."

"नाही घेतले. माझ्या बाळंतपणात यांच्या बायकोनं तीन दिवस माझं घर केलं. मी काही दिलं नाही. मग तीही माझ्याकडे नोकरीला होती का? शेजार आहे आमचा."

"किती दळण होतं?"

मी म्हणणार होते, चिमूटभर. तेवढ्यात भाऊजी उठून उभे राहिले. "दोन दळणं, साहेब. मिळून नऊ किलो."

साहेबांनी त्यांच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मी कपाळाला हात लावला. साहेब म्हणाले, "बसा तावडे. तुम्हाला विचारलं नाही."

साक्ष संपली. कारकुनानं कागद पुढे सरकवला, सहीच्या जागी बोट ठेवलं. "इथं सही करा, बाई. येत नसेल तर अंगठा." मी पेन घेतलं आणि कुणी मागून मानगूट धरावी तशी मला म्हैस आठवली. पेन खाली ठेवलं. म्हटलं, "वाचते."

"मी बरोबर लिहिलंय."

"असेल. वाचते."

वेळ लागला. साहेबांचं एक पान खाऊन झालं. दुसऱ्या परिच्छेदात लिहिलं होतं, 'चिठ्ठ्या देण्याच्या कामाचा मोबदला म्हणून मी त्यांना दोन दळणे विनामूल्य दिली.'

"हे मी म्हटलं नाही," मी म्हणाले.

"काय नाही म्हटलं?"

"मोबदला. मी शेजार म्हटलं. मोबदला म्हणजे कामाची किंमत. ती मी दिलेली नाही."

कारकुनानं वर पाहिलं. त्याच्या मनात वाईट असेल असं मला नाही वाटत. त्याचं लिहिण्याचं ठरलेलं वाक्य असेल. पण त्या एका शब्दावर भाऊजींचा भत्ता कायमचा गेला असता आणि वर खोटा दाखला दिला म्हणून नोकरीही गेली असती. ती सही माझी असती.

"बाई, हा शब्द तुम्हाला कुणी शिकवला?" साहेबांनी विचारलं.

मी भाऊजींकडे हात केला. "यांच्याच अर्जांच्या नकला केल्या, साहेब. तुम्ही उत्तर लवकर दिलं असतं तर एवढं शिकले नसते."

साहेबांना हसू आलं, ते त्यांनी पानाबरोबर गिळलं. कारकुनाला म्हणाले, "खोडा ते. बाई म्हणतात तसं लिहा. खाडाखोडीवर बाईंची सही घ्या, माझीही घ्या." दुरुस्त झालेला कागद मी पुन्हा पहिल्यापासून वाचला आणि मग सही केली. परत येताना बसमध्ये भाऊजी माझ्या पुढच्या बाकावर बसले होते. नाशिक फाटा आला. मग मागे न वळता म्हणाले, "नऊ किलो तुम्ही सांगायला हवे होते."

भत्ता सुरू झाला, थकलेलाही मिळाला. मुख्य चौकशी मात्र आणखी दोन वर्षं चालली. दुष्काळी कामावरचा एक मुकादम कुठून तरी सापडला, त्यानं घमेली कामावर आली होती असं सांगितलं. निकाल लागला. माल खाल्ला हा आरोप सिद्ध नाही, निष्काळजीपणा सिद्ध. एक वेतनवाढ रोखली. कामावर परत घेतलं. पण चार वर्षांचा सस्पेंडचा काळ कामावरचा धरता येणार नाही, आणि राहिलेला अर्धा पगार मिळणार नाही.

चाळीत पेढे वाटले गेले. सगळे म्हणाले, सुटलात. भाऊजींनी पोचेवर लिहिलं, 'आदेश मिळाला. मान्य नाही.'

त्यांनी वर अपील केलं. पुराव्याला काय जोडलं असेल? ओट्यावरच्या हजेरीच्या चार वह्या. वरच्या साहेबांनी त्यांना समोर बोलावलं. काय झालं ते भाऊजींनी नंतर सांगितलं, नेहमीसारखं, जणू दुसऱ्याच कुणाचं सांगतायत असं.

साहेबांनी विचारलं, "ही हजेरी तपासली कुणी?"

"कुणीच नाही."

"मग भरलीत कशाला?"

"तपासणारा नाही म्हणून हजेरी चुकवायची नसते, साहेब."

साहेबांनी बरीच पानं उलटली. बारशाचं पान त्यांना दिसलं की नाही, माहीत नाही. वह्या परत देत म्हणाले, "तावडे, या घरी ठेवा. इथं हरवतील." अपील नामंजूर झालं.

भाऊजी पुढे रिटायर होईपर्यंत त्याच भांडारात होते. चिठ्ठीशिवाय टाचणी दिली नाही. दर वर्षी एक अर्ज, त्याच चार वर्षांचा. नकला मीच करायची, आता भराभर. पेन्शनचे कागद आले तेव्हाही ती चार वर्षं वगळलेलीच होती. त्या कागदावरही तीच दोन वाक्यं, लाल पेनानं.

त्यांनी कोकणात परत जायचं ठरवलं. सामान भरायला टेम्पो आला तो दिवस कामाचा होता, बुधवार. मी गिरणी बंद करून गेले. सकाळचे अकरा वाजून गेले होते आणि भाऊजी बनियनवर. इतक्या वर्षांत कामाच्या दिवशी त्या वेळेला मी त्यांना बनियनवर पाहिलं नव्हतं. गाद्यांच्या वळकटीला सुतळी आवळत होते. खुर्ची टेम्पोत चढली होती. कमलवहिनींनी माझ्या गळ्यात हात टाकला, मग दोघी रडलो, ते सोडा.

भाऊजी आत गेले आणि खिळ्याची वही घेऊन आले. कोपरे झिजलेले. अगदी सुरुवातीचं पान काढून माझ्यापुढे धरलं. हातोडी नग एक, जमा. म्हैस नग एक, पुढे मोकळं. सगळ्या वहीत तेवढी एकच जागा मोकळी राहिली होती.

"हे राहिलंय," म्हणाले.

"आता कुठून आणू म्हैस?"

त्यांनी निळं पेन काढलं, वही मांडीवर ठेवली आणि सावकाश लिहिलं. मग वही आणि पेन माझ्याकडे दिलं. टेम्पोवाला हॉर्न वाजवत होता. मी वाचलं. वाचून होईपर्यंत भाऊजी माझ्याकडे बघत उभे होते, घाई केली नाही.

लिहिलं होतं, 'म्हैस मिळाली. तक्रार नाही.'

मी खाली सही केली.